तेलिपिनूचे फर्मान आणि नांगराची शिक्षा

राजसत्तेवर कायद्याचा अंकुश हवा, हा विचार १२१५ सालच्या मॅग्ना कार्टापासून सुरू झाला असे सामान्यतः मानले जाते. त्याच्याही सुमारे सत्तावीसशे वर्षे आधी, आजच्या तुर्कस्तानातील हत्तुशा या राजधानीत, तेलिपिनू नावाच्या हित्ती राजाने एक फर्मान काढले होते.

त्या फर्मानाचा पूर्वार्ध हा राजघराण्याने दिलेला रक्तपाताचा कबुलीजबाबच आहे. बाबिलोनपर्यंत धडक मारणाऱ्या पहिल्या मुर्सिलीला त्याचा मेहुणा हंतिली याने ठार केले. हंतिलीच्या मुलाला व नातवंडांना झिदंताने संपविले, आणि झिदंताचा बळी त्याच्याच मुलाने, अम्मुनाने घेतला. अम्मुनाच्या राज्यात धान्य पिकेना, द्राक्षमळे आणि गुरेमेंढरे हातची गेली. फर्मान याला देवांचा कोप म्हणते. ज्या दरबाराचे सारे लक्ष कट्यारीकडे, त्याच्या राज्यात शेतीची दैना व्हायला देवांची गरज कशाला?

पुढे राणीचा भाऊ हुझ्झिया याला हुसकावून तेलिपिनू गादीवर आला. हुझ्झियाला व त्याच्या पाच भावांना मात्र त्याने जीवदान दिले. त्यांनी खुशाल खावे-प्यावे, असे सांगितले. तरीही त्यांचा गुपचूप खून झालाच. राणी इश्तपरिया वारली, मागोमाग राजपुत्रही. खुनांत हात असलेल्या तनुवा, तहुरवाइली आणि तरुहशू या तिघांना ‘पंकू’ या सभेने देहदंड फर्मावला. राजाने तो रद्द केला. त्यांच्या खांद्यावरची शस्त्रे उतरविली, जू दिले आणि त्यांना शेतकरी केले!

मरणाच्या खालोखाल शिक्षा कोणती, तर शेती करणे. याच फर्मानात राजाच्या कोठारांच्या गावांची लांबलचक यादी आहे. ती कोठारे ज्याच्या घामाने भरत, त्याचे जिणे दरबाराच्या लेखी अर्धे मरण होते.

म्हणून फर्मानाचे मोल कमी ठरत नाही. वारसाचा क्रम त्याने ठरवून दिला. राजाने भावाबहिणींचे रक्त सांडले तर त्याचेही शिर जाईल, पण शिक्षा त्याच्यापुरतीच. बायकामुले, घर, शेत, मळा यांना कोणी हात लावू नये, असा नियम केला. खून झालेल्याच्या वारसानेच खुन्याला मरण की भरपाई ते ठरवावे, राजाने त्यात पडू नये, असेही बजावले. त्या काळी हे धाडसच म्हटले पाहिजे.

परंतु या कायद्याचा राखणदार कोण? ‘पंकू’ या शब्दाचा अर्थ ‘सर्व’. प्रत्यक्षात त्या ‘सर्वां’त होते सोनेरी भाल्यांचे भालदार, प्याले भरणारे, आचारी, चोपदार आणि हजारी सरदार. कोठारे भरणारा त्यात कोठेच नव्हता. ज्यांच्या कारस्थानांना आवर घालायचा, त्यांच्याच हाती कायद्याची किल्ली राहिली.

तेलिपिनूनंतर जावई अल्लुवम्ना गादीवर आला. त्याच सुमाराच्या आणखी एका हित्ती राजाची मुद्रा उत्खननात सापडली आहे. त्या राजाचे नाव तहुरवाइली. खांद्यावर जू दिलेला तहुरवाइली तो हाच असावा, असे अनेक संशोधक मानतात.