कौल मागण्याची रीत



लोकशाहीत लोकच सार्वभौम असतील, तर महत्त्वाच्या प्रश्नावर थेट लोकांचाच कौल का घेऊ नये, असा प्रश्न आपल्याकडे अधूनमधून उसळी मारून वर येतो. एखादे धरण होऊ घातले, एखाद्या प्रकल्पासाठी जमिनी संपादित होऊ लागल्या, वेगळ्या राज्याची मागणी पुढे आली की 'सार्वमत घ्या' अशी घोषणा कानी पडते. त्यावर ठरलेले उत्तरही येते. लोक भावनेच्या भरात वाहून जातात, त्यांना बारकावे कळत नाहीत, राज्यकारभार हा जाणकारांवरच सोपवावा! गंमत अशी, की घोषणा देणारे आणि उत्तर देणारे, या दोघांपैकी फारच थोड्यांनी जेथे अशी पद्धत प्रत्यक्षात चालते तेथील अनुभव तपासलेला असतो. आज आपण तेवढेच काम करू या.

प्रत्यक्ष लोकशाहीचे नाव निघाले की स्वित्झर्लंडकडे बोट दाखवले जाते, आणि ते योग्यच आहे. मात्र ही व्यवस्था तेथे एका रात्रीत अवतरलेली नाही. १८४८ मध्ये संघराज्याची घटना झाली. संसदेने केलेल्या कायद्याला आव्हान देण्याचा हक्क लोकांना १८७४ मध्ये मिळाला, तर घटनेत विशिष्ट दुरुस्ती स्वतःहून सुचविण्याचा हक्क १८९१ मध्ये. म्हणजे पायऱ्या चढायलाच चार दशके लागली.

आज तेथे तीन प्रकारांनी मतदान होते. घटनादुरुस्ती करायची असेल, तर सार्वमत सक्तीचेच असते. संसदेने संमत केलेला कायदा नागरिकांना नको असेल, तर त्यांनी १०० दिवसांत ५० हजार सह्या जमवायच्या. मग तो कायदा मतदानाला टाकावा लागतो. तिसरा प्रकार लोकांच्या पुढाकाराचा. १८ महिन्यांत एक लाख सह्या गोळा करून कोणीही नागरिकांचा गट घटनादुरुस्तीचा प्रस्ताव देशापुढे ठेवू शकतो. साधारणपणे वर्षातून चार वेळा मतदानाचे रविवार ठरलेले असतात. बहुतेक लोक टपालानेच मत पाठवतात. आणि मतदानापूर्वी काही आठवडे प्रत्येक मतदाराच्या घरी एक छोटी पुस्तिका पोहोचते. तीत प्रस्ताव काय आहे, सरकारचे म्हणणे काय आहे आणि विरोधकांचे म्हणणे काय आहे, हे सारे दिलेले असते.

या यंत्रणेचा खरा परिणाम मतदानाच्या दिवशी नव्हे, तर त्याच्या कितीतरी आधी दिसतो. ५० हजार सह्यांची टांगती तलवार डोक्यावर असल्यामुळे संसद कायदा करतानाच सर्वांना विचारात घेते. कामगार संघटना, उद्योजक, शेतकरी, कँटन म्हणजे तेथील घटक राज्ये, या सर्वांशी आधीच सल्लामसलत होते. नागरिकांचा प्रस्ताव आला, तर संसद त्याच्याशेजारी आपला सौम्य प्रतिप्रस्ताव मांडू शकते. समाधान झाल्यास मूळ प्रस्ताव मागेही घेतला जातो. सार्वमत हे तेथे भांडणाचे शस्त्र कमी आणि समझोत्याचे निमित्त अधिक आहे.

आता भीतीचा मुद्दा घेऊ. लोकांच्या हाती निर्णय दिला, तर ते तिजोरी लुटून नेतील काय? मार्च २०१२ मध्ये स्विस मतदारांना विचारले गेले, की प्रत्येकाला वर्षाला किमान सहा आठवड्यांची पगारी रजा द्यावी काय? सुमारे दोन तृतीयांश मतदारांनी 'नको' म्हणून सांगितले. २०१६ मध्ये प्रत्येक रहिवाशाला विनाअट ठरावीक उत्पन्न देण्याचा प्रस्ताव सुमारे ७७ टक्के मतांनी फेटाळला गेला. उलट सरकारी खर्चाला लगाम घालणारी घटनादुरुस्ती २००१ मध्ये जवळजवळ ८५ टक्के मतांनी मंजूर झाली. अर्थात हा मतदार संन्यासी नव्हे! मार्च २०२४ मध्ये त्यानेच निवृत्तिवेतनाचा तेरावा हप्ता ५८ टक्के मतांनी मंजूर करून घेतला. तरीही एवढे म्हणता येते, की ज्याला निर्णयाचे बिल स्वतःच भरायचे आहे हे ठाऊक असते, तो सहसा विचार करूनच हात वर करतो. नागरिकांकडून आलेल्या प्रस्तावांपैकी दहात जेमतेम एक संमत होतो, हे ध्यानात घ्या.

दुसरी भीती बहुमताच्या दांडगाईची. तिला उतारा म्हणून तेथे दुहेरी बहुमताचा नियम आहे. घटनादुरुस्तीला देशातील मतदारांचे बहुमत तर लागतेच, शिवाय कँटनांचेही लागते. संयुक्त राष्ट्रसंघात सामील व्हावे काय, हा प्रश्न १९८६ मध्ये सुमारे तीन चतुर्थांश मतांनी फेटाळला गेला. २००२ मध्ये तो पुन्हा आला, तेव्हा ५४.६ टक्के लोकांनी होकार दिला. परंतु कँटनांचा हिशेब होता १२ विरुद्ध ११! एक कँटन फिरते, तर प्रस्ताव पडला असता. मोठ्या शहरांनी लहान डोंगरी प्रांतांवर निर्णय लादू नये, याची ही तरतूद आहे.

पण मित्रहो, नाण्याची दुसरी बाजू न सांगणे हा अप्रामाणिकपणा ठरेल. याच आदर्श देशात स्त्रियांना राष्ट्रीय मतदानाचा हक्क केव्हा मिळाला? १९७१ मध्ये! आपल्या माता-भगिनी १९५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत मतदान करून मोकळ्या झाल्या होत्या. स्वित्झर्लंडमध्ये हा हक्क द्यावा की नाही हे ठरविण्याचा अधिकार पुरुष मतदारांकडे होता, आणि १९५९ मध्ये त्यांनी दोन तृतीयांश मतांनी नकार दिला. आपेन्झेल इनररोडन या छोट्या कँटनात पुरुष उघड्या चौकात हात वर करून निर्णय घेत. त्यांनी १९९० मध्येही नकारच दिला. अखेर त्याच वर्षी संघीय न्यायालयाने निकाल देऊन स्त्रियांना हक्क मिळवून दिला. बहुमत आणि न्याय यांची गाठ नेहमी पडतेच असे नाही. ज्याला मतच नाही त्याच्या हक्काचा फैसला मतदानाने करणे, हा न्यायाचा आभास ठरतो.

आणखी एक उदाहरण पाहा. फेब्रुवारी २०१६ मध्ये विवाहित जोडप्यांवरील जादा कराविषयी मतदान झाले आणि प्रस्ताव निसटत्या फरकाने पडला. सरकारने मतदारांना सांगितले होते, की अशी सुमारे ८० हजार कमावती जोडपी आहेत. पुढे उघड झाले, की ती साडेचार लाखांहून अधिक होती. एप्रिल २०१९ मध्ये न्यायालयाने ते मतदानच रद्द केले. चुकीच्या माहितीवर घेतलेला कौल हा कौल नव्हे, असा त्याचा सरळ अर्थ.

येथे मला कोकणातील देवळांत लावल्या जाणाऱ्या कौलाची आठवण होते. गाऱ्हाणे घालणारा जाणता माणूस प्रश्न नेमका मांडतो, कारण प्रश्न मोघम असेल, तर कौलही मोघम येणार हे त्याला पक्के ठाऊक असते. ब्रिटनसारख्या जुन्या लोकशाहीला मात्र २०१६ मध्ये याचा विसर पडला. युरोपीय संघात राहायचे की बाहेर पडायचे, एवढाच प्रश्न विचारला गेला. ५१.९ टक्के लोकांनी 'बाहेर' म्हटले. पण बाहेर म्हणजे कसे? व्यापाराचे नियम कोणते, आयर्लंडच्या सीमेचे काय? हे मतपत्रिकेवर नव्हतेच. परिणामी साडेतीन वर्षांहून अधिक काळ संसद त्या एका शब्दाचा अर्थ लावत बसली आणि ब्रिटन प्रत्यक्ष बाहेर पडले ते ३१ जानेवारी २०२० रोजी. कौल खरा होता, प्रश्न अपुरा होता.

अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याचा अनुभव आणखी वेगळा. १९७८ मध्ये तेथील मतदारांनी मालमत्ता कर मूल्याच्या एक टक्क्यावर बांधून टाकला. घरमालक सुखावले, परंतु शाळा आणि स्थानिक संस्था यांच्या उत्पन्नाला कात्री लागली. शेजारी-शेजारी असलेल्या सारख्याच दोन घरांवर, केवळ एक जुन्या मालकाकडे आणि दुसरे नुकतेच विकले गेले म्हणून, वेगवेगळा कर आला. २०२० मध्ये तर ॲपवर चालणाऱ्या टॅक्सी व घरपोच सेवेच्या कंपन्यांनी आपल्या सोयीचा एक प्रस्ताव संमत करून घेण्यासाठी २० कोटी डॉलरच्या आसपास रक्कम ओतली. सह्या गोळा करणे हाच जेथे धंदा होतो, तेथे 'लोकांचा पुढाकार' कोणाच्या खिशातून निघतो, हे विचारावेच लागते.

आता आपल्या घराकडे वळू. आपल्या राज्यघटनेत राष्ट्रीय सार्वमताची तरतूद नाही. आणीबाणीचा अनुभव पोळलेला असताना जनता सरकारने १९७८ मध्ये ४५ वे घटनादुरुस्ती विधेयक आणले. घटनेच्या मूलभूत वैशिष्ट्यांना हात लावायचा असेल, तर सार्वमत घ्यावे आणि त्यात किमान ५१ टक्के मतदारांनी भाग घेतलेला असावा, असे त्यात होते. राज्यसभेने ते कलम वगळले, आणि तो विचार तेथेच थांबला.

तरीही स्वतंत्र भारतात कौल घेतले गेले आहेत. १९४८ मध्ये जुनागढमध्ये झालेल्या मतदानात पाकिस्तानच्या बाजूने अवघी ९१ मते पडली. १९७५ मध्ये सिक्कीमच्या जनतेने भारतात सामील होण्याला प्रचंड बहुमताने मान्यता दिली. पण आपणा मराठी माणसांच्या जिव्हाळ्याचा कौल म्हणजे गोव्याचा.

१६ जानेवारी १९६७ रोजी गोव्यात जनमत कौल झाला. महाराष्ट्रात विलीन व्हावे की केंद्रशासित प्रदेश म्हणूनच राहावे? विलीनीकरणासाठी 'फूल', विरोधासाठी 'दोन पाने' अशा खुणा होत्या. मतदान निःपक्ष व्हावे म्हणून भाऊसाहेब बांदोडकरांच्या मंत्रिमंडळाने आधीच राजीनामा दिला होता. निकाल लागला : विलीनीकरणाच्या बाजूने १,३८,१७० आणि विरोधात १,७२,१९१ मते. ३४,०२१ मतांनी विलीनीकरण हरले. महाराष्ट्रात अनेकांच्या जिव्हारी ते लागले.

पण खरा धडा पुढेच आहे. अवघ्या दोन-अडीच महिन्यांत विधानसभेची निवडणूक झाली, आणि त्याच मतदारांनी विलीनीकरणवादी महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षालाच पुन्हा सत्तेवर बसवले! भाऊसाहेब पुन्हा मुख्यमंत्री झाले. याचा अर्थ काय? राज्य कोणी करावे आणि राज्याचे भवितव्य काय असावे, हे दोन प्रश्न त्या साध्या गोमंतकीय मतदाराने मनात वेगळे ठेवले होते. निवडणुकीत ते एकाच गाठोड्यात बांधले जातात; सार्वमताने ते गाठोडे सोडवले. त्याच वेळी हेही खरे, की स्वतंत्र घटक राज्याचा पर्याय त्या मतपत्रिकेवर नव्हता. तो प्रत्यक्षात यायला ३० मे १९८७ उजाडावा लागला.

या सर्व अनुभवांतून काही कसोट्या हाती लागतात. प्रश्न कोणी आणि कोणत्या शब्दांत मांडला? मत कोणाला आहे आणि ज्याच्यावर परिणाम होणार तो त्यात आहे काय? दोन्ही बाजूंची खरी माहिती घरोघर पोहोचली काय? पैसा कोणाचा? आणि निकाल लागल्यावर तो अमलात आणण्याची जबाबदारी कोणाची? या पाच प्रश्नांची उत्तरे मिळत नसतील, तर सार्वमताची घोषणा ही केवळ घोषणाच राहते.

शेवटी एक विनंती. आपण स्वित्झर्लंडचे कौतुक करतो; परंतु प्रत्यक्ष लोकशाहीची एक संस्था आपल्या गावात, आपल्या दारात उभी आहे. ७३ व्या घटनादुरुस्तीने ग्रामसभेला घटनात्मक स्थान दिले. ओडिशातील नियमगिरीच्या डोंगरात खाणकाम व्हावे काय, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ग्रामसभांकडे सोपवला. बाराच्या बारा ग्रामसभांनी 'नाही' म्हटले आणि खाण थांबली. आपल्या महाराष्ट्रात तर गावातील दारूचे दुकान बंद करण्यासाठी बायाबापड्या मतदानाला उतरल्या आणि अनेक गावांत त्यांनी बाटली आडवी केली. जेथे एकूण मतदारांच्या निम्म्याहून अधिक मतांची अट होती, तेथे घरी बसलेली प्रत्येक व्यक्ती न बोलता दुकानाच्या बाजूने मोजली गेली, हे विसरू नका.

ग्रामसभेची गणपूर्ती किती? मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० व्यक्ती, यांपैकी जी संख्या कमी असेल ती. एवढीही माणसे जमत नाहीत म्हणून सभा तहकूब होते. तहकूब सभेला गणपूर्तीची अट नसते. मग चार टाळकी बसून गावाचे वर्षाचे आराखडे मंजूर करतात, आणि वर्षभर आपण पारावर बसून त्यांना दूषणे देतो.

देशाने आपल्याला प्रत्येक प्रश्नावर विचारावे, अशी मागणी जरूर करावी. पण ज्या ठिकाणी आपल्याला आजही विचारले जाते, तेथे आपण उत्तर द्यायला हजर असतो काय? पुढच्या ग्रामसभेची सूचना फळ्यावर लागेल. ती वाचा, विषयपत्रिका मागून घ्या, शेजारच्या दोघांना सोबत घ्या, घरातील स्त्रियांना पुढे करा आणि सभेला जाऊन बसा. कौल मागण्याची रीत तेथूनच शिकायची आहे, आणि कौल देण्याचीही.