वृत्तपत्र कोणाचे? ध्वनिलहरी कोणाच्या?
(संस्थेच्या वार्षिक मेळाव्यातील भाषण)



३१ जानेवारी १९२० रोजी परमपूज्य बाबासाहेबांनी 'मूकनायक' सुरू केले. पैसे देऊ केले असतानाही 'केसरी'ने त्याची जाहिरात छापली नाही. छत्रपती शाहू महाराजांनी अडीच हजार रुपयांचे साहाय्य केले. ज्याच्या हाती छापखाना, त्याच्या हाती शब्द, हे आपल्या समाजाला असे अनुभवाने कळलेले आहे.

म्हणून एका मालकाकडे किती वृत्तपत्रे आणि किती केंद्रे असावीत, हा प्रश्न आपलाही आहे.

सरकारने मर्यादा घालावी काय? येथे सावधपणे बोलले पाहिजे. लहान पत्रांना वाव मिळावा म्हणून सरकारने किमतीच्या प्रमाणात पानांची संख्या बांधून दिली होती. पुण्याच्या 'सकाळ'ने त्याला आव्हान दिले आणि १९६१ साली सर्वोच्च न्यायालयाने तो कायदा रद्द ठरविला. हेतू चांगला असला, तरी मोठ्या पत्राचा आवाज कापता येणार नाही, असा त्याचा अर्थ.

ध्वनिलहरींची गोष्ट मात्र निराळी. त्या मोजक्याच असतात. त्या सार्वजनिक मालमत्ता आहेत, असे ९ फेब्रुवारी १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. त्या खंडपीठावर न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते. जी वस्तू सर्वांची, तिच्या वाटपाला नियम हवाच.

अमेरिकेने १९७५ साली एकाच शहरातील दैनिक आणि रेडिओ वा टीव्ही केंद्र यापुढे एका मालकाने घेऊ नये, असा नियम केला. गावात आवाज तीन, पण बोलविता धनी एकच, असे होऊ नये हा हेतू. २०१७ साली तेथील आयोगाने तो नियम काढला. अल्पसंख्य समाजांच्या मालकीचा विचार नीट झाला नाही, असा आक्षेप घेऊन काही संस्था न्यायालयात गेल्या. १ एप्रिल २०२१ रोजी तेथील सर्वोच्च न्यायालयाने एकमताने आयोगाच्या बाजूने निकाल दिला.

आपल्याकडे खासगी एफ.एम. रेडिओच्या २०११ च्या धोरणात एका मालकाकडे देशातील १५ टक्क्यांहून अधिक वाहिन्या नसाव्यात, अशी अट होती. २०२२ साली ती उठविण्यात आली. दैनिक आणि टीव्ही वाहिनी एका हाती एकवटू नयेत म्हणून दूरसंचार नियामक प्राधिकरणाने ऑगस्ट २०१४ मध्ये शिफारशी केल्या. पण तसा सर्वंकष कायदा झालेला नाही.

मित्रहो, मालकीवरील मर्यादा म्हणजे लेखणीवरील बंधन नव्हे. कोणी काय बोलावे हे सरकारने ठरवू नये. पण बोलण्याची सगळी दारे एकाच्याच कुलपात जाऊ नयेत, हे पाहावे. आणि कायद्याची वाट पाहत बसणे ही बाबासाहेबांची रीत नव्हती. विद्यार्थ्यांनी बातमी वाचताना पत्राचा मालक कोण, हे विचारावे. आपल्यातील लहान नियतकालिकांची वर्गणी प्रत्येक घराने भरावी. 'मूकनायक' बंद पडले, तरी बाबासाहेबांनी १९२७ साली 'बहिष्कृत भारत' काढलेच.

जय भीम! नमो बुद्धाय!