बुळकांडी कोणी घालवली?

सरकार शास्त्रीय संशोधनावर जो पैसा खर्च करते, त्याविषयी आज आपल्याशी चार गोष्टी बोलायच्या आहेत. विषय ऐकून कोणी म्हणेल, 'हा शहरातल्या विद्वानांचा मामला. आम्हाला विहिरीला पाणी हवे, मालाला भाव हवा. प्रयोगशाळेशी आमचे काय देणेघेणे?' प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर मी आपल्या गोठ्यातूनच देणार आहे.

गावातल्या एखाद्या ऐंशी वर्षांच्या म्हाताऱ्याला विचारा, 'आजोबा, बुळकांडी म्हणजे काय हो?' त्यांचा चेहरा पाहा. नंतर शाळेतल्या एखाद्या मुलाला तोच प्रश्न विचारा. त्याला तो शब्दच ठाऊक नसेल. आजोबांचे भय आणि नातवाचे अज्ञान, या दोहोंच्या मध्ये शंभराहून अधिक वर्षांचे संशोधन उभे आहे, आणि त्याचा मोठा भाग सरकारी पैशाने झाला आहे.

बुळकांडी हा गाईम्हशींचा सांसर्गिक रोग. जनावराला ताप चढे, डोळ्यांतून पाणी गळे, तोंडात फोड येऊन चरणे बंद होई, मग दुर्गंधी हगवण लागे आणि आठ-पंधरा दिवसांत जनावर आडवे होई. एका दावणीला रोग शिरला की शेजारची दावण सुटत नसे. १८९० च्या दशकात हा रोग आफ्रिकेत पसरला, तेव्हा तिथल्या कित्येक भागांत दहांपैकी आठ-नऊ गुरे मेली. ज्याची शेती बैलाच्या खांद्यावर चालते, त्याचा बैल ऐन पेरणीत गेला तर त्याने काय करावे? सावकाराचे दार गाठावे, नाहीतर जमीन पडीक ठेवावी. म्हणून ही साथ गुरांची असली तरी घात माणसांचा होता.

आपल्या देशात या साथीची चौकशी करणाऱ्या आयोगाचा अहवाल १८७१ साली आला. पुढे १८८९ साली सरकारने जनावरांच्या रोगांवर संशोधन करणारी एक प्रयोगशाळा काढली, आणि ती काढली आपल्या पुण्यात! परकीय सरकारचा यात स्वार्थ होताच. फौजेला आणि सारावसुलीला धडधाकट जनावरे लागत. परंतु हेतू काहीही असो, बीज पडले. पुढे असे ध्यानात आले की, भर वस्तीजवळ अशा रोगाचे विष हाताळणे धोक्याचे आहे. म्हणून १८९३ साली ही संस्था हिमालयात, नैनीतालजवळ मुक्तेश्वर येथे, सुमारे साडेसात हजार फूट उंचीवर नेण्यात आली. आज तिचाच विस्तार झालेली भारतीय पशुवैद्यकीय संशोधन संस्था बरेलीजवळ इज्जतनगर येथे आहे.

आता असे पाहा. प्रयोगशाळा सुरू झाली तेव्हा हा रोग कशाने होतो, हेच जगात कोणाला नीट ठाऊक नव्हते. बारीकातल्या बारीक गाळणीतूनही निसटणारे विषाणू त्याच्या मुळाशी आहेत, हे १९०२ साली सिद्ध झाले. म्हणजे शत्रू दिसत नाही, त्याचे नावगाव ठाऊक नाही, आणि तरी त्याच्याशी लढायला माणसे नेमायची, त्यांना पगार द्यायचा, इमारत बांधायची! त्या वेळी हिशेब तपासणाऱ्या एखाद्या कारकुनाने विचारले असते, 'दहा वर्षांत यांनी केले काय?' तर ठोस उत्तर देणे अवघडच गेले असते. १८९९ पासून मुक्तेश्वरला रक्तजल तयार होऊ लागले. पण त्याचे संरक्षण थोडेच दिवस टिके. खरा उपाय निघाला तो १९२० च्या दशकात. जे. टी. एडवर्ड्स या शास्त्रज्ञाने रोगाचे विष शेळीतून शेळीत असे शेकडो वेळा फिरवले. असे करता करता ते गुरांच्या बाबतीत सौम्य झाले. मारीनासे झाले, पण रोगप्रतिकारक शक्ती मात्र देऊ लागले. हीच ती शेळीपासून केलेली लस. प्रयोगशाळा निघाल्यापासून इथवर यायला पस्तीसहून अधिक वर्षे लागली. शेतकऱ्याला यात नवल वाटू नये. आंब्याची कोय लावणारा दुसऱ्या वर्षी टोपली घेऊन झाडाखाली बसत नाही.

इथे कोणी विचारील, हे काम एखाद्या धनिकाने, कारखानदाराने का केले नाही? त्याला दोष देण्याचे कारण नाही. व्यापाऱ्याला भांडवलावर नफा हवा, आणि तो चार-पाच वर्षांत दिसायला हवा. पस्तीस वर्षे थांबणारे भांडवल कोणापाशी असते? दुसरे असे की, माझ्या गुरांना लस टोचली तर फायदा तुमच्या गुरांनाही होतो, कारण साथ पुढे सरकत नाही. पण त्या फायद्याचे पैसे तुमच्याकडून कोण वसूल करणार? आणि तिसरी गोष्ट तर मोठी गंमतीची आहे. ही लस जितकी यशस्वी, तितका तिचा धंदा बुडीत! रोगच उरला नाही तर लस घेणार कोण? आपलेच दुकान बंद पडावे म्हणून झटणारा दुकानदार कोठे सापडायचा? असे काम सगळ्यांनी मिळून, म्हणजेच सरकारी तिजोरीतून करावे लागते. गावविहीर जशी सगळ्यांच्या वर्गणीतून, तशीच ही गोष्ट.

स्वातंत्र्यानंतर १९५४ साली देशव्यापी मोहीम सुरू झाली. पाच वर्षांत ऐंशी टक्के गुरांना लस टोचावी असा संकल्प होता. लस टोचणारे लोक पायी, सायकलीवर, बैलगाडीने खेड्यापाड्यांत गेले. साथी झपाट्याने कमी झाल्या. परंतु रोग समूळ गेला नाही. गुरांच्या बाजाराच्या वाटेने तो पुनःपुन्हा डोके वर काढी. इथे धोरणाचा धडा आहे. शंभरातली नव्वद गुरे वाचली की मोहीम फत्ते झाली असे वाटते, उत्साह ओसरतो, आणि उरलेल्या दहांत रोग दबा धरून बसतो. केवळ टोचलेल्या सुयांची संख्या मोजत राहिल्याने तो हाती लागत नाही. १९९२ साली युरोपीय समुदायाच्या मदतीने नवी योजना आखली गेली. देशाचे विभाग पाडले, गावोगाव रोगाचा शोध घेतला, गुरांचे रक्त तपासले. लसही नवी होती; वॉल्टर प्लोराइट या इंग्रज शास्त्रज्ञाने ती केनियात सिद्ध केली होती. विद्या कोठलीही असो, ती पारखून वापरण्याइतके जाणते लोक आपल्या घरी असावे लागतात. तसे लोक आपल्याकडे तयार होते, ते त्या जुन्या संस्थांमुळेच.

१९९५ नंतर भारतात बुळकांडीची साथ आली नाही. २००६ साली आपला देश या रोगापासून मुक्त असल्याचे आंतरराष्ट्रीय पातळीवर मान्य झाले आणि २०११ साली सारे जगच मुक्त झाल्याची घोषणा झाली. माणसांच्या देवीनंतर पृथ्वीवरून समूळ नाहीसा केलेला हा दुसराच रोग. पुण्यातल्या त्या प्रयोगशाळेपासून मोजले तर २००६ पर्यंत एकशे सतरा वर्षे झाली.

आता आजचा हिशेब मांडू. ४ मार्च १९५८ रोजी भारत सरकारने विज्ञानविषयक धोरणाचा ठराव केला आणि विज्ञानाची जोपासना हे राज्याचे कर्तव्य मानले. ठराव उत्तम होता. पण धोरण कागदावर असते आणि मनोदय अंदाजपत्रकात दिसतो. २०२०-२१ साली देशाच्या एकूण उत्पन्नातल्या दर शंभर रुपयांमागे संशोधनावर चौसष्ट पैसे खर्च झाले. त्यांतला सुमारे निम्मा वाटा केंद्र आणि राज्य सरकारांचा, आणि खाजगी उद्योगांचा एकतृतीयांशाहून थोडा अधिक. चीन याच कामी अडीच रुपयांच्या आसपास, तर दक्षिण कोरिया जवळजवळ पाच रुपये घालतो, आणि त्या दोन्ही देशांत उद्योगधंदे सरकारपेक्षा कितीतरी जास्त भार उचलतात.

ही उणीव सरकारच्याही ध्यानात आली आहे. २०२३ साली कायद्याने राष्ट्रीय संशोधन प्रतिष्ठान स्थापन झाले. पाच वर्षांत ५०,००० कोटी रुपयांची योजना मांडली गेली. पैकी ३६,००० कोटी सरकारबाहेरून यावेत अशी अपेक्षा ठेवली गेली. २०२५ साली खाजगी संशोधनाला कमी व्याजाने किंवा बिनव्याजी दीर्घ मुदतीचे कर्ज देण्यासाठी एक लाख कोटींची योजना मंजूर झाली. उद्योगांनी संशोधनात उतरावे हे चांगलेच. मात्र एक भेद विसरू नये. कर्ज घेणारा परतफेडीचा विचार आधी करतो, आणि ज्या कामातून परतफेड व्हायची नाही ते काम तो घेत नाही. बुळकांडीवरचे काम कर्जावर झाले नसते. तेव्हा उद्योगांना कर्ज द्यावे, पण ते द्यायचे म्हणून मुक्तेश्वरसारख्या संस्थांचा चारा तोडू नये.

हा चारा कशाला लागतो, ते २०२२ साली आपण सर्वांनी पाहिले. लम्पी रोगाने महाराष्ट्रात गोठेच्या गोठे पछाडले, गुरांचे बाजार बंद पडले. त्या वेळी आपण गाईंना टोचली ती शेळ्यांच्या देवीची लस. का बरे? लम्पीचा विषाणू शेळ्यांच्या देवीच्या विषाणूचा भाऊबंद आहे म्हणून. शेळ्यांच्या देवीचा अभ्यास आधी कोणी केलाच नसता, तर संकटाच्या दिवशी आपण काय टोचले असते? २०१९ साली लम्पी देशात शिरताच हिसार आणि इज्जतनगर येथील संशोधकांनी खास त्या रोगावरची लस शोधायला घेतली आणि २०२२ च्या ऑगस्टमध्ये ती जाहीर केली. पस्तीस वर्षांचे काम तीन वर्षांवर आले, कारण विद्या आधीच साठवलेली होती. घराला आग लागल्यावर विहीर खणता येत नाही.

आणि बुळकांडीचाच जवळचा नातेवाईक असलेला रोग आजही शेळ्यामेंढ्यांना मारतो आहे. त्यावरची लस मुक्तेश्वरलाच तयार झाली आहे. २०३० पर्यंत हा रोग जगातून घालवावा असा आंतरराष्ट्रीय संकल्प आहे. आपल्या धनगर बांधवांची मेंढरे त्या संकल्पात धरली आहेत की नाहीत, हे आपल्या गावात लस वेळेवर येते की नाही यावरून कळेल.

म्हणून, श्रोते हो, पैसा सरकारचा म्हणजे आपलाच आहे, आणि त्याचा हिशेब मागणे हा आपला हक्क आहे. पण हिशेब मागताना प्रश्न योग्य विचारावा. 'यंदा काय निघाले?' एवढेच विचारू नये. मंजूर झालेला पैसा संस्थेपर्यंत वेळेवर पोचला का? संशोधकाच्या आणि तालुक्याच्या पशुवैद्याच्या जागा भरल्या का? निघालेली लस थंड पेटीतून शेवटच्या वाडीपर्यंत गेली का? ग्रामसभेत हे अवश्य विचारा. उधळपट्टी दिसली तर जरूर बोला. पण फळ उशिरा येते एवढ्या कारणाने झाड तोडा म्हणू नका.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती आहे. येत्या पोळ्याला मुलांना घरच्या म्हाताऱ्या माणसांकडे पाठवा आणि बुळकांडीच्या आठवणी विचारून लिहून आणायला सांगा. गेलेल्या रोगाचे स्मारक कोणी बांधत नाही. निदान मुलांना एवढे कळू द्या की तो आपोआप गेला नाही. त्याला घालवावा लागला, आणि त्यासाठी कित्येकांनी जे फळ आपल्या हयातीत दिसणार नव्हते, त्यासाठी काम केले.