अध्ययन रजा : कृपा की हक्क?

(शासकीय कर्मचाऱ्यांच्या एका अभ्यासवर्गात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



महागाई भत्ता, वेतन आयोग, निवृत्तिवेतन हे विषय आपल्या सभांतून नित्य चर्चिले जातात, आणि ते योग्यच आहे. अध्ययन रजेवर ठराव मांडलेला मात्र माझ्या ऐकिवात क्वचितच आला. म्हणून आज मुद्दाम हाच विषय निवडला आहे.

केंद्रीय नागरी सेवा (रजा) नियम, १९७२ यांतील पन्नासाव्या नियमापासून हे प्रकरण सुरू होते. पाच वर्षांची नियमित व अखंड सेवा झालेल्या कर्मचाऱ्यास एका वेळी सामान्यतः १२ महिने आणि साऱ्या सेवाकाळात २४ महिने अशी रजा देता येते. ती रजेच्या खात्यातून वजा होत नाही. देशात शिकत असल्यास पूर्वीइतकेच वेतन मिळते, आणि हा काळ बढती, ज्येष्ठता व निवृत्तिवेतन यांसाठी सेवेतच धरला जातो. कागदावरची तरतूद उदार आहे, हे मान्य केले पाहिजे. परंतु याच नियमावलीचा सातवा नियम सांगतो की, रजा हक्क म्हणून मागता येणार नाही; लोकसेवेची निकड असल्यास ती नाकारता येईल. महाराष्ट्राच्या १९८१ च्या रजा नियमांतही हेच तत्त्व आहे.

कोणी म्हणेल, हा नियम तर सर्वच रजांना लागू आहे. खरे आहे. पण अर्जित रजा आज नाकारली तर ती खात्यावर शिल्लक राहते आणि ठरावीक मर्यादेपर्यंत निवृत्तीच्या वेळी तिचे पैसे मिळतात. अध्ययन रजा नाकारली की प्रवेश हुकतो. शिवाय रजेवरून परतल्यानंतर सेवेची तीन वर्षे शिल्लक असली पाहिजेत, अशीही अट आहे. दोनचार वेळा नकार आला की माणसाचे शिकण्याचे वयच निघून जाते, आणि त्याची भरपाई कोणत्याही खात्यात जमा होत नाही.

समजा, टपाल खात्यात अल्पबचतीची खाती सांभाळणारा एखादा कर्मचारी अर्थशास्त्राची पदव्युत्तर पदवी घेऊ इच्छितो. हा विषय त्याच्या कामाशी निकट संबंधित आहे असे म्हणता येईल. तो निव्वळ शैक्षणिक विषय आहे असे म्हणून अर्ज फेटाळताही येईल. गंमत अशी की, कामाशी थेट संबंध नसला तरी ज्याने कर्मचाऱ्याच्या मनाची क्षितिजे रुंदावतील अशा अध्ययनालाही रजा देता येईल, असे हाच पन्नासावा नियम सांगतो. ज्या कोणी ते कलम लिहिले, त्याला मी दाद देतो. पण त्याचा लाभ अधिकाऱ्यालाच मिळावा आणि लिपिकाला मिळू नये, असे नियमात कोठेही म्हटलेले नाही, हे कचेरीत कोण सांगणार?

खरी अडचण शेऱ्यात नाही, रिकाम्या खुर्चीत आहे. १ मार्च २०२१ रोजी केंद्र सरकारच्या ४० लाख ३५ हजार मंजूर पदांपैकी ९ लाख ७९ हजार पदे रिक्त होती. हे आकडे सरकारनेच लोकसभेत दिलेले आहेत. जेथे जवळजवळ चौथे टेबल ओस आहे, तेथे ‘लोकसेवेची निकड’ कायमचीच. भरती सरकारने थांबवायची आणि तिची शिक्षा म्हणून कर्मचाऱ्याने शिकणे थांबवायचे, असा हा व्यवहार आहे. महाविद्यालयांत विद्यापीठ अनुदान आयोगाची योजना होती. तीत संशोधनासाठी जाणाऱ्या अध्यापकाच्या जागी बदली अध्यापक नेमला जाई आणि त्याचे वेतन आयोग देई. प्रश्न सुटतो तो असा, पैशाची तरतूद करून. कंत्राटी कामगारांचे तर बोलायलाच नको. ‘नियमित सेवा’ या दोन शब्दांनीच त्यांना दाराबाहेर ठेवले आहे.

बंधपत्राविरुद्ध माझी तक्रार नाही. जनतेच्या पैशावर शिकून आलेल्याने तीन वर्षे जनतेची सेवा करावी, अन्यथा रक्कम व्याजासह परत करावी, हे न्याय्य आहे. पण बंधन एकाच बाजूला का? शिकून आलेल्या माणसाला त्या विद्येचा उपयोग होईल असे काम देण्याचे बंधन सरकारवर नाही. सांख्यिकी शिकून आलेल्याला आवक-जावक विभागात बसवले, तर सरकारने कोणाला व्याज द्यायचे?

इतर देशांनी हा प्रश्न निराळ्या रीतीने हाताळला आहे. स्वीडनमध्ये १९७५ पासून कर्मचाऱ्याला अध्ययनासाठी रजा घेण्याचा कायदेशीर हक्क आहे. तेथे मालकाला ती काही महिने पुढे ढकलता येते, सरसकट नाकारता येत नाही. ही रजा बिनपगारी आहे, हेही सांगितले पाहिजे. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने सवेतन शैक्षणिक रजेविषयीचा १४० क्रमांकाचा करार १९७४ मध्येच संमत केला. कामाच्या प्रशिक्षणाबरोबरच सामाजिक, नागरी आणि कामगार-संघटनाविषयक शिक्षणही त्यात येते. भारताने त्याला अद्याप मान्यता दिलेली नाही.

आपल्या संघटनेने माहितीच्या अधिकाराखाली आपापल्या खात्यात एक साधा अर्ज करावा : गेल्या दहा वर्षांत अध्ययन रजेसाठी कोणत्या गटातून किती अर्ज आले, किती मंजूर झाले आणि नाकारलेल्या प्रत्येक अर्जावर कोणते कारण नोंदवले? ते तक्ते हाती आले की मला पुन्हा बोलवा. आकडे मांडायला मी येईन.