घाण कोणाच्या वाट्याला?



सप्टेंबर १९९४ मध्ये सुरत शहरावर प्लेगचे संकट कोसळले. पावसाळ्यात तापीकाठच्या सखल वस्त्यांत पाणी शिरले होते. ते ओसरल्यावर चिखल, कचरा आणि मेलेली जनावरे मागे राहिली. मोठा आघात झाला तो वेडरोड परिसरावर. महाराष्ट्रातून आणि अन्य प्रांतांतून पोटासाठी आलेले कामगार तेथे दाटीवाटीने राहत असत. लाखो लोकांनी शहर सोडले. पुढे साथ ओसरली. परंतु शहर घाण केल्याचा ठपका झोपडपट्टीच्या माथी राहिला. जेथे गटार नाही, पुरेसे नळ नाहीत, कचरा उचलणारी गाडी फिरकत नाही, तेथील माणसाने स्वच्छ राहावे तरी कसे?

हाच प्रश्न अमेरिकेतील कृष्णवर्णीयांनी विचारला आहे. १९६८ साली मेम्फिस शहरातील सफाई कामगारांनी संप पुकारला. त्यांच्या पाठिंब्यासाठी आलेल्या मार्टिन ल्यूथर किंग यांची तेथेच ४ एप्रिल रोजी हत्या झाली. १९८२ साली उत्तर कॅरोलिनातील वॉरेन परगण्यात, बहुसंख्य कृष्णवर्णीयांच्या वस्तीजवळ, विषारी माती पुरण्याचे ठरले. लोक रस्त्यावर आडवे झाले. पाचशेहून अधिकांना अटक झाली. माती अखेर तेथेच पुरली गेली, परंतु त्या लढ्यातून ‘पर्यावरणीय न्याया’च्या चळवळीला बळ मिळाले. १९९१ साली वॉशिंग्टन येथील परिषदेत तिची १७ तत्त्वे संमत झाली.

मराठी मनाला हा विचार परका नाही. महाडचे चवदार तळे सर्वांस खुले असल्याचा ठराव नगरपालिकेने १९२४ सालीच केला होता. परंतु ठरावाने कोणाची तहान भागली नाही. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो अनुयायांसह तळ्यावर गेले, तेव्हा तो हक्क कागदावरून पाण्यापर्यंत पोहोचला. त्यासाठी मार खावा लागला आणि न्यायालयाचा अंतिम निर्णय यावयास १९३७ साल उजाडले.

सुरतेतही १९९५ साली आयुक्त म्हणून आलेल्या एस. आर. राव यांनी अधिकाऱ्यांना कचेरीतून रस्त्यावर आणले आणि सफाईची व्यवस्था झोपडपट्ट्यांपर्यंत नेली. अवघ्या दीड वर्षात शहराची गणना देशातील स्वच्छ नगरांत होऊ लागली. माणसे तीच होती. त्यांच्याकडे पाहण्याची दृष्टी बदलली होती.

म्हणून शहराची स्वच्छता त्याच्या राजमार्गावर मोजू नये. नदीकाठच्या शेवटच्या गल्लीत गटार वाहते की तुंबते, आणि ते उपसणाऱ्या हातांना कोणता मान मिळतो, यावरून ती मोजावी.