खुली जागा कोणाची ?

(शेतकरी व कारागीर मंडळींपुढें झालेलें भाषण)



सरकारी नोकरभरतीचे कोर्टांतले झगडे हा विषय ऐकून पुष्कळांना वाटेल कीं, हें वकिलांचें काम. नांगर धरणाऱ्याला आणि ऐरणीवर घण घालणाऱ्याला त्याचें काय? पण तुमचीं मुलें तलाठ्याचा, पोलीस शिपायाचा अर्ज भरतात कीं नाहीं? मग हें तुमच्याच घरचें आहे. आज एकच प्रश्न घेतों. खुली जागा कोणाची?

गांवांत कोणालाही विचारा. राखीव जागा मागासलेल्यांची आणि खुली ती वरच्या जातींची, असें उत्तर मिळतें. आपले शिकलेले लोकही तसेंच बोलतात. हें साफ खोटें आहे, आणि ह्या खोट्यापायीं आपल्या मुलांच्या हातची भाकरी जाते.

मागची हकीकत ऐका. २६ जुलै १९०२ रोजीं शाहू छत्रपतींनीं करवीर राज्यांत रिकाम्या होणाऱ्या जागांपैकीं शेंकडा ५० जागा मागासलेल्यांसाठीं राखल्या. मद्रासेंत जस्टिस पक्षाच्या राजवटींत, १९२१ पासून, निराळी वाट धरली गेली. तेथें नोकऱ्या जातवार वांटण्याचें धोरण आलें, आणि तें स्वराज्य आल्यावरही चालू राहिलें. पुढें जिल्हा मुनसफांच्या ८३ जागा निघाल्या. त्यांची वांटणी, त्या हुकुमांतल्याच शब्दांनीं सांगतों, अशी होती : हरिजन १९, मुसलमान ५, ख्रिस्ती ६, मागासलेले हिंदु १०, ब्राह्मणेतर हिंदु ३२, ब्राह्मण ११. म्हणजे मोकळी अशी एकही जागा उरली नाहीं.

एका ब्राह्मण उमेदवारानें सुप्रीम कोर्ट गांठलें. ९ एप्रिल १९५१ रोजीं निकाल लागला. हरिजनांच्या व मागासलेल्या हिंदूंच्या मिळून २९ जागा घटनेच्या १६ व्या कलमाप्रमाणें राखणें योग्य ठरलें. पण बाकीच्या जागांवर, तूं अमक्या जातीचा, एवढ्यासाठीं कोणालाही दार लावतां येणार नाहीं, असें कोर्टानें सांगितलें. मद्रासेंत त्यावर मोठी खळबळ उडाली. मला मात्र तो निकाल वाचतांना आतां राग येत नाहीं. त्या गृहस्थानें जी किल्ली घडवून घेतली, तीच पुढें आपल्या लेकींच्या हातीं आली!

ती कशी, तें पाहा. मंडल खटल्यांत, १९९२ सालीं, कोर्टानें स्पष्ट केलें होतें कीं, मागास वर्गांतला उमेदवार स्वतःच्या गुणांवर खुल्या जागेवर आला, तर तो राखीव जागांत मोजूं नये. तरीही उत्तर प्रदेशांत २०१३ सालीं पोलीस शिपायांच्या ४१,६१० जागांची भरती निघाली, तींत घोटाळा झाला. खुल्या वर्गांतून शेवटीं निवडलेल्या बाईपेक्षां जास्त मार्क मिळवूनही इतर मागास वर्गांतल्या मुली वगळल्या गेल्या. सरकारचें म्हणणें, खुल्या वर्गांतील स्त्रियांच्या जागा तुमच्या नव्हेत. जास्त मार्कांची घरीं, कमी मार्कांची नोकरीवर! आणि गुणवत्तेचा डांगोरा पिटणारे लोक तेव्हां कोठें होते, देव जाणे.

अलाहाबाद व मध्यप्रदेश हायकोर्टांचें मत सरकारसारखें होतें. आपलें मुंबई हायकोर्ट, तसेंच राजस्थान, गुजरात व उत्तराखंडचीं हायकोर्टें उलट मताचीं होतीं. अखेर १८ डिसेंबर २०२० रोजीं सुप्रीम कोर्टानें ठरविलें कीं, खुली जागा हा कोणत्याही जातीचा राखीव वांटा नव्हे. ती गुणांवर सर्वांना मोकळी आहे. त्या मुलींना नोकऱ्या देण्याचा हुकूम झाला. पण भरती २०१३ ची आणि न्याय २०२० च्या अखेरीस. तोंवर लग्नाचीं, भरतीचीं वयें निघून जातात.

आतां एक खांच सांगतों, ती नीट ध्यानांत ठेवा. वयाची सवलत घेऊन अर्ज केला, तर कांहीं भरतींच्या नियमांप्रमाणें खुल्या जागेवरचा हक्क जातो. असा नियम असेल तेथें तो चालतो, असें सुप्रीम कोर्टानें २०१७ सालीं म्हटलें आहे. म्हणून मुलगा खुल्या वर्गाच्या वयांत बसत असेल, तर गरज नसतां ती सवलत मागूं नये. जाहिरात समजत नसेल, तर शाळामास्तरांकडून शेवटच्या ओळीपर्यंत वाचवून घ्या.

आणि निकालाची यादी लागली कीं, आपल्या वर्गाच्या रकान्यांत नांव शोधून थांबूं नका. खुल्या वर्गांतल्या शेवटच्या नांवापुढचे मार्क पाहा, मुलगी असेल तर खुल्या वर्गांतल्या शेवटच्या स्त्रीचे पाहा. ते आपल्या मार्कांहून कमी दिसले, तर त्याच आठवड्यांत लेखी हरकत द्या आणि तिची पोंच घेऊन घरीं या.