फाशीची मागणी आणि आपण

मैत्रिणींनो, बलात्काराची बातमी आली की मोर्चात ‘फाशी द्या’ ही घोषणा उठतेच. संताप आपलाही आहे. तरीही २०१३ साली न्यायमूर्ती वर्मा समितीने बलात्काराला फाशी नको म्हटले, तेव्हा अनेक स्त्री-संघटनांचे म्हणणेही तेच होते. सरकारने मात्र २०१८ मध्ये बारा वर्षांखालच्या मुलींवरील बलात्काराला फाशीपर्यंतची शिक्षा ठेवली. आता बघा, आरोपी बहुतेक वेळा ओळखीचा असतो. कधी काका, कधी शेजारी. ‘तुझ्यामुळे काका फासावर जाईल’ असे आजीनेच म्हटल्यावर दहा वर्षांची पोर तोंड उघडेल? मला नाही वाटत. फाशीचा कायदा करायला सरकारला पैसा लागत नाही. तक्रार लगेच नोंदवणे, धड वैद्यकीय तपासणी, मुलीला निवारा, वेळेत निकाल, याला लागतो. तिथे हात आखडतो.